ळ

मे महिन्यात पंखा बंद करून बसते.
पंख्याची घरघर क्लायंटला चालत नाही.
लाकडी कपाटात तीन गोधड्या, मागे अंड्यांचे ट्रे,
आणि मी, पाठीवरून घाम ओघळत असताना म्हणते,
'अनुभवा हिमशिखरांचा गारवा.'
पुन्हा घ्या ताई, जरा हसून.
बाहेर सेहेचाळीस.

पिंप्राळा गेटवरून मालगाडी गेली
की दुसरी येईपर्यंत कधी अकरा मिनिटं मिळतात,
कधी चार.
तेवढंच माझं ऑफिस.

सावद्यात आधी एकच आवाज होता,
मुबारक तडवीचा.
रिक्षाच्या टपावर भोंगा, एका हातात माईक, एका हातात हँडल.
सर्कस, पोलिओचा डोस, साड्यांचा सेल,
हरवलेली म्हैस.
मयताची बातमी सांगताना गळा बदलायचा नाही,
फक्त रिक्षा हळू चालवायचा.
पुढे पुण्यात वीस हजार भरून कोर्स केला,
त्यात हे कुणी शिकवलं नाही.

तिथे पहिल्याच दिवशी सर म्हणाले, म्हणा 'केळी'.
मी म्हटलं, 'केयी'.
वर्ग हसला.
सहा महिने दातांत पेन्सिल धरून
काळा, डोळा, शाळा, जवळ, जळगाव.
टाळूला जीभ लावून लावून फोड आला.
सुट्टीत घरी फोन केला तर आई म्हणाली,
'कोन बोलू राह्यलं?'

धंदा वाढलाय, खोटं कशाला बोलू.
बियाण्यांच्या कंपन्या, क्लासवाले, सराफ,
गोष्टी ऐकवणारी ॲपं,
तुर्की मालिकेतल्या सासूलाही मराठी बोलायचं असतं.
निवडणुकीत एका आठवड्यात
तीन पक्षांना मीच प्रचंड मतांनी विजयी करा म्हटलं,
त्याच गाउनवर, त्याच कपाटातून.
पण आधी मिनिटावर पैसे होते, आता शब्दावर.
चोपड्याचा एक पोरगा चार हजारांचा माईक घेऊन
शब्दाला पंचवीस पैसे म्हणतो.
त्याला बोलणार तरी काय,
मीही कुणाचे तरी दर पाडूनच आले.

मग बंगळुरूची कंपनी आली.
वीस तास वाचायचं, काहीही.
'पिवळा हत्ती बुधवारी परत येईल.'
'सात हजार सातशे सत्त्याहत्तर.'
'तुमची तक्रार आम्हाला समजते.'
सही केली तिथे लिहिलं होतं,
सर्व माध्यमं, सर्व प्रदेश, सर्व काळ.
त्या पैशांत एसी बसवला.
रेकॉर्डिंगला तोही बंदच ठेवावा लागतो.

परवा हप्त्याची आठवण करून द्यायला बँकेचा फोन.
उचलला, तर मीच.
'नमस्कार, मंदाकिनी फेंगाडे.'
माझ्याच आवाजानं माझं आडनाव चुकवलं.
फेगडे गं बाई, फेगडे, मी म्हणाले.
ती थांबली नाही. श्वासच घेत नव्हती.
'वेळेवर' मधला ळ मात्र
इतका स्वच्छ, की सर खूश झाले असते.

आता नवीन काम आलंय.
केळीच्या वेफर्सची जाहिरात, वीस सेकंद.
'खान्देशी टच पाहिजे मॅडम, एकदम ओरिजिनल.
ते मशीनला जमत नाही.'
सकाळपासून गोधड्यांत बसून म्हणतेय, केयी.
केयी. केयी.
प्रत्येक वेळी मागून पेन्सिल ऐकू येते.
जणू शहरातली नटी
डोक्यावर पाटी घेऊन उभी आहे.

चौदावा टेक चालू होता, गाडी यायची नव्हती,
आणि गल्लीतून हातगाडी आली.
बॅटरीचा भोंगा, खरखरता,
'केयी घ्या वं माय, केयी, सावद्यानी केयी.'
मुबारक तडवी.
त्याला जाऊन दोन वर्षं झाली.
भाच्यानं कधीतरी मोबाइलवर भरून ठेवलेला असणार,
आणि तो गाडी ढकलत होता उन्हात,
हळू.

लाल दिवा चालूच होता.
टेक खराब झाला.
पुसला नाही.
पाठवलाही नाही अजून.