बदक, डावीकडचं

हॅन्ली, स्टोक-ऑन-ट्रेंट. मंगळवार, पाऊण वाजता.
पिशवीत बिस्किटांचा डबा, डब्यात टॉवेल,
टॉवेलात वर्तमानपत्र.
कांद्यासारखं सोलत गेले मी,
आणि आत तळं निघालं.

निळी कमळं, निळं गवत, दोन बदकं.
"सांभाळून, डक," ईनिड कोलक्लफबाई म्हणाल्या.
मला वाटलं, वाडग्यावरच्या बदकाबद्दलच सांगतायत.
या गावात मायेनं सगळ्यांनाच बदक म्हणतात,
हे कळायला मला एक अख्खा हिवाळा लागला होता.
तरी अजून फसते.

आपण चिनीमाती म्हणतो,
एका देशाचं नाव घेऊन
लोणच्याच्या बरणीला हाक मारतो.
ही माती मात्र खरंच तिथली,
डोंगर फोडून, कुटून, पाण्यात निवळून घेतलेली.
निळा रंग आधी इराणातून यायचा,
पुढे घरच्याच खडकात सापडला.
भट्टीपाशी पोचेस्तोवर एक वाटी
बहात्तर हातांतून जायची म्हणतात.
कमळवाला बदक काढायचा नाही,
बदकवाल्यानं काठाची रेघ कधी ओढली नसेल.
मग जहाजाच्या तळाशी, चहाच्या पेट्यांखाली,
कारण ओल चहाला सोसत नाही,
हिला सोसते.

बुडाशी सहा अक्षरं, एका सम्राटाची.
"म्हणजे पाचशे वर्षं?"
नाही बाई. तीनशे, थोडी इकडेतिकडे.
थोरल्यांच्या काळाचं नाव धाकट्यांनी घातलंय.
कुणी फसवायला घातलं असेलही.
मला ते पत्राच्या माथ्यावरच्या 'श्री'सारखं वाटतं.

फोडला कुणी?
"मी. सहा वर्षांची होते.
खापर मांजरावर फोडलं."
(हे त्यांनी त्यांच्या भाषेत सांगितलं,
खापर माझं.)

अतिनील दिव्याखाली डावीकडचं बदक
वेगळंच उजळलं.
त्या खुर्चीत जरा मागे सरकल्या.
आई, एडा, लॉन्ग्टनच्या कारखान्यात रंगारीण.
तीस वर्षं दुसऱ्यांच्या कपबश्यांवर
न पाहिलेल्या चीनचे पूल रंगवले तिनं,
बोटभर पूल, त्यावर तीन माणसं,
डझनामागे ठरलेली मजुरी.
हरवलेल्या तुकड्याचा साचा कणकेच्या गोळ्यानं घेतला,
कारखान्याच्या मातीत उतरवला,
मुकादमाची पाठ फिरताच भट्टीत सरकवला.
दोनदा आकसून लहान झाला.
तिसऱ्यांदा बसला.
त्या मातीत गाईच्या हाडांची राख असते,
हा इंग्रजांचा तोडगा.
वरून पितळेचे तीन टाके,
जखमेला घालतात तसे.

उजवीकडचं बदक तीनशे वर्षं जोडीदाराकडे बघतंय.
एडाचं बघतंय आपल्याकडे,
मान जाड, पोट सुटलेलं,
मागच्या कालव्यातलं, पाव खाऊन माजलेलं.
ती दुसरं बदक पाहणार तरी कुठे?

आमच्या तक्त्यात एक रकाना आहे:
'नंतरची भर. काढावी / ठेवावी.'
मला शिकवलेलं उत्तर पहिलं आहे.
टाक्यांभोवती हिरवट डाग पडलेत,
ते खरंच वाढतील.

वाडगा उपडा केला.
पायाशी तीन उघड्या जागा, झिलई न लागलेल्या.
बुडवताना कुणीतरी इथे धरलं होतं.
माझी दोन बोटं बसली.
तिसरं पोचलं नाही.

ईनिडबाईंनी घड्याळ पाहिलं, बस दोन वाजताची.
किंमत त्यांनी शेवटपर्यंत विचारली नाही,
टॉवेल तेवढा परत मागितला.

डाग पुसेन, सांधे नव्यानं जोडेन,
टाके काढून पाकिटात घालून देईन.
'ठेवावी'वर खूण केली.
पुढे कारणासाठी दोन इंच जागा असते.
लिहिलं, खोडलं, परत लिहिलं:
बदक बघतंय.