कॉलरचा माईक

आल्तिन्होच्या चढावर, दातांच्या दवाखान्याखाली
आमचा स्टुडिओ. माझं काम एवढंच :
समीक्षकांच्या कॉलरला माईक लावायचा
आणि काचेपलीकडे बसून ऐकायचं.
चेहरे तुम्ही बघता. माझ्या कानांत येतात
घसे, गिळलेले आवंढे,
गुरुदास तळावलीकरांच्या पोटात फिरणारी संध्याकाळची सोलकढी.

आज मिठागराचा सिनेमा होता.
लिजिया मिनेझिस म्हणाल्या, संथ आहे, पण खरा आहे.
तळावलीकर म्हणाले, बाई, संथ तर मांडवीही आहे,
तिला कुणी तिकीट काढून बघत नाही.
सूत्रसंचालिका हसली. सुई लाल रेघेला टेकली.
मग पटकथेची हाडं, मध्यांतरानंतरची घसरण,
आगरवाड्याची माणसं आणि डोळा मात्र पर्यटकाचा.
"थोडक्यात काय,
मिठाचा सिनेमा, आणि अळणी!"
हे वाक्य त्यांनी घरून आणलं होतं.
घरून आणलेल्या वाक्याआधी
ओठ ओले केल्याचा एक बारीक आवाज येतो.

पाचांतले दोन तारे.

जाहिराती लागल्या की दोघंही कोकणीत उतरतात,
चपला काढून पडवीत बसावं तसे.
बांगड्याचा भाव निघाला. पार्किंगचा दंड निघाला.
लिजियाबाईंनी मला खुणेनं विचारलं,
मघाशी माझा आवाज चिरकला का?
मी नाही म्हटलं. चिरकला होता.

साडेनवाला दिवे गेले. माईक तसाच कॉलरला घेऊन
तळावलीकर जिना उतरले.
मी हेडफोन काढायला हवा होता.

"जेवलीस? फाल्यां वचूंया गो पळोवंक.
अगो, शेवटाला एक बाई आहे त्यात,
नवरा गेल्यावर पहाटे एकटीच वाफ्यात उतरते.
पाय टाकायच्या आधी पदर खोचते ना,
आमची आईच. आईच ती."

मग चार पायऱ्या नुसतीच पावलं.
मग तीही नाहीत.
नाकानं घेतलेला श्वास, दोनदा.

परत आले ते तार नीट गुंडाळून.
"हे तुझं राहिलं माझ्याकडे."
मी म्हटलं, सर, बघण्यासारखा आहे का हो?
आईला न्यावं म्हणते रविवारी.
त्यांनी ओठ ओले केले.
वाक्य काही आलं नाही.
माईकवरच्या लाल ठिपक्याकडे बघत राहिले थोडा वेळ,
"सेल काढून ठेव," म्हणाले,
"फुकट जळतोय."