तीन मिनिटं झाली

धार रोडनं सिरपूर मागे टाकलं, वीटभट्ट्या संपल्या,
की डाव्या हाताला ते पाणथळ लागतं.
तिथे बोललेलं विरत नाही.
पडतं.

गेंदालालनं नाव लोटायच्या आधीच बजावलं,
"धीरे बोलजो बई, नाव डुबी जायगी."
मी हसले. हसू तळहातावर आलं
भिजवलेल्या साबुदाण्यासारखं,
चार दाणे पाण्यात सांडले, मासळी धावली.

इथला ट म्हणजे खडा, सरळ तळाला.
श ची लव्हाळी होते,
वारा नसतानाही एका बाजूला कललेली.
टिटवीचं ओरडणं वाकड्या तारेचं,
गेंदालालच्या धोतरात अडकतं, तो शिवी देतो,
शिवीचा लगेच शिंगाडा:
बाहेर दोन काटे, आत पांढरं, गोडसर.
मागच्या लग्नसराईतला डीजे अजून तरंगतोय,
जाड, तेलकट.
बदकं त्याला वळसा घालून जातात.

मी एकतीस वर्षं एक्सचेंजला होते.
कानावर हेडफोन, पुढ्यात भोकांची पाटी,
हाताला दोऱ्या.
मी "बोलली" म्हटलं की पुण्याची ऑपरेटर हसायची,
तरी लाईन आधी मलाच द्यायची.

त्या रात्री चिठ्ठीवर नाव होतं गोविलकर.
सनावदहून. साताऱ्याला.
माणसानं म्हशीचं विचारलं,
पत्रे उडाले त्याचं विचारलं,
कुणाच्या तरी गुडघ्याचं विचारलं,
आणि शेवटी, घसा साफ करून,
"आणि तिला सांग की"

तीन मिनिटं झाली, मी बोलली,
आणि दोरी उपटली.
मागे सात कॉल उभे होते.

आता चिखलात कोपरापर्यंत हात घातला
तर माझंच निघालं.
तीन मिनिटं झाली. तीन मिनिटं झाली.
गोगलगाईचे शंख, एका मापाचे, गुळगुळीत,
ओंजळीमागून ओंजळ,
आणि एकातही कुणी राहत नव्हतं.
"यो तो घणो माल हे," गेंदालाल म्हणाला,
"भट्टी लगाव तो चूनो बणी जाय."

एका ठिकाणी पाणी स्वच्छ होतं.
तळ दिसत होता, तळाची वाळू, वाळूवरची आमची सावली.
मी विचारलं नाही, त्यानंही सांगितलं नाही.
नागपूरचा एक नंबर मला पाठ होता.
सगळ्या मुलखाच्या दोऱ्या माझ्या हातात,
आणि तेवढी एक लाईन
मी कधी मागितली नाही.

तिसऱ्या दिवशी, उन्हं कलताना,
कमळाच्या देठाखाली तो सापडला.
की.
बोटभर लांब. पाठ ओली.
पुढचं वाक्य जिथून निघणार होतं
तिथे तुटलेला, जखम अजून ताजी.
पोट हलत होतं.

वाटलं होतं, सापडला की कळेल
काय सांगायचं होतं, आणि ती कोण.
त्याला काहीच माहीत नव्हतं.
तोंड उघडं टाकून तो नुसता थांबला होता
माझ्याकडे बघत, जणू मीच पुढचं सांगणार.

गेंदालालनं पैसे घेतले नाहीत.
"अधूरा को कईं भाव," म्हणाला,
आणि ते शब्द त्याच्याच पायावर पडले,
हलके, पिसासारखे.

पोळ्यांच्या डब्यात ओलं गवत घातलं,
झाकणाला खिळ्यानं भोकं पाडली.
बसमध्ये गंगवालपर्यंत उभीच.
प्रत्येक स्पीडब्रेकरला डब्यातून
की.
पुन्हा
की.
कंडक्टर वाकला,
"आंटी, मेंढक है क्या?"
"हां भिया," मी बोलली, "सातारे का."

त्यानं तिकीट एकच फाडलं.