फेस

दर गुरुवारी सातला, बाब अल-बहरैनपाशी
मी मिटलेली छत्री उंच धरतो:
"मंडळी, इथं समुद्र होता."
कुणी बुटांखाली बघतं. डांबर.

पहिला पब हॉटेलच्या तळघरात.
मारिसेल पेले तिरके धरून भरते,
मी सांगत असतो मोतीवाल्यांचं:
नाकाला चिमटा, पायाला दगड,
दोराला हिसका दिला की वर ओढायचं.
एक स्कॉटिश म्हातारा श्वास धरून बघतो,
चाळीसला सुटतो. मिशीवर फेस.

मी घेत नाही. माझ्यापुढं डाळिंबी माल्ट.
देवगडच्या खाडीत बापानं एकदा
असाच दोर धरला होता
हिसक्याची वाट बघत, अंधार पडेपर्यंत.

ते या फेरीत नाही.
"पुढचा पब शंभर पावलांवर," म्हणतो,
"तेव्हा पोहत जावं लागलं असतं."
हसतात. बिल येतं.