निव्वळ वजन

सकाळी सात चाळीसला सेलूहून गाडी आली.
ताडपत्रीखाली जिनिंगची जुनी प्रेस,
गॅस कटरनं कापून केलेले सोळा तुकडे.
ड्रायव्हर अफसर. क्लीनर झोपलेला.
काट्यावर घेतली.
भरलेली गाडी : चौदा हजार दोनशे साठ.

खिडकीतून दिसली चाकावरची ओतीव अक्षरं,
अर्धीच. कुठल्यातरी थंड, धुरकट गावाचं नाव,
जिथं कापसाचं बोंडही उगवलं नाही कधी
आणि गिरण्या मात्र गल्लीगल्लीत निघाल्या.
आमच्याकडं कापूस होता,
म्हणून आमच्याकडं सरकी काढायचं काम आलं.
सरकी आमच्या म्हशींना,
रुई त्यांच्या चात्यांना.

तेव्हा लाईन छोटी होती.
गठाणी मनमाडला उतरवायच्या, मोठ्या गाडीत चढवायच्या.
रुळांच्या त्या हातभर फरकावर
मनमाडचे कितीतरी हमाल जगले.
करोडगिरीच्या नाक्यावर महसूल उर्दूत लिहीत,
आडत्या गुजरातीत हिशेब मांडी,
प्रेसचं वजन इंग्रजीत.
मराठीत फक्त कापूस वेचला जायचा.

शंभर कलदारला एकशे सोळा हाली.
हे मला आमच्या शेजारच्या गयाबाई हटकरनं सांगितलं.
तरुणपणी ती याच जिनिंगात रुई निवडायची,
नाकात कायम तंतू, बोलताना मध्येच शिंकायची.
"वरचे सोळा कुटं जायचे गं?"
असं दटावून विचारायची,
जसे काही मीच ते ड्रॉवरमध्ये घालून बसलेय.
मी तेव्हा सातवीत. ड्रॉवर नव्हता माझ्याकडं.

माझे वडील या प्रेसवर फिटर होते
असं सांगायला आवडलं असतं.
नव्हते. ते बसस्टँडसमोर घड्याळं दुरुस्त करायचे.

जालना सोने का पालना, म्हणतात.
पाळणा हलत होता हे खरं.
आता इथं भट्ट्या आहेत, आणि भंगार चहूकडून येतं :
बुधवारी सोलापूरचे माग आले,
त्याच्या आधी अलंगला फोडलेल्या जहाजाचा पत्रा,
अजून मिठानं पांढरा,
आणि एकदा वाळूजहून एक अख्खी शेड,
रंग ओला वाटावा इतकी नवी.
कंपनी आली होती, सवलत संपली, गेली.
सोळाशे अंशांवर कुणाचं शतक कुणालाच विचारत नाहीत.

भट्टीवरचा रामबचन सिवानचा.
डब्यातलं लोणचं द्यायला येतो, उगाच थांबतो.
त्याच्या गावाबाहेर साखर कारखान्याची चिमणी आहे,
तिच्यावर पिंपळ उगवलाय.
"दीदी, हमारे यहाँ भी था सब," म्हणतो,
लग्न मोडलेल्या घरातले लोक बोलतात तसं.

अफसर गाडी रिकामी करून आला.
रिकामी : पाच हजार एकशे ऐंशी.
निव्वळ : नऊ हजार ऐंशी.
बारा मिलीच्या आठशे सळया होतील, जळीत धरून.
पुण्याच्या कुठल्याशा दहाव्या मजल्याच्या स्लॅबमध्ये जातील.
बाहेर जातानाही वजन मीच करीन.
काटा दोन्ही वेळेला हाच,
भाव दोन वेगळे.
ते सोळा रुपये, गयाबाई,
मला वाटतं तिथंच कुठंतरी आहेत.

पावती घेताना अफसर खाली वाकला,
सीटखालून पितळी भोंगा काढून दाखवला.
"ये नहीं दिया. लेकराला खेळायला."
स्लिपवर त्याचं वजन नाही.
त्यानं गाल फुगवून दोनदा फुंकला.
नुसती हवा.
"वाफ लागते रे त्याला," मी म्हटलं.
"लागू दे," म्हणाला, आणि पुन्हा फुंकला.

मागं मंठ्याची गाडी हॉर्न देत होती.
मी काटा शून्यावर आणला.