मुका मार

स्विंडनमध्ये एक चौक आहे,
मोठ्या वर्तुळाच्या पोटात पाच छोटी वर्तुळं.
इथले लोक त्याला जादूचा म्हणतात.
अकरा वर्षं मी त्यातून कामाला जाते
आणि दर वेळी श्वास धरून ठेवते.

त्या मंगळवारी मी थांबले होते. नुसती थांबले होते.
मागून एक निळी गाडी आली नि डिकीला लागली.
आवाज काही मोठा नव्हता,
पाट भिंतीला टेकवताना होतो तेवढाच.

मॉरीन उतरली. सत्तरीची, पायात बागेतले बूट.
तिच्या मागच्या सीटवर टोमॅटोची रोपं आडवी झालेली.
ती मला सॉरी म्हणाली, मी तिला सॉरी म्हणाले.
माझी काय चूक होती कोण जाणे,
पण या देशात तो शब्द विचाराच्या आधी बाहेर पडतो.
ठीक आहेस ना? फाइन. आणि तू? फाइन, फाइन.
दोघींनी मिळून रोपं उभी केली, माती परत थापली,
नंबर घेतले आणि निघालो.

बुधवारी काहीच नाही.
लॅबमध्ये रक्ताच्या नळ्या लावल्या,
रात्री थालीपीठं थापली.
विमा कंपनीचा पोरगा फोनवर फार गोड बोलला,
लागलं नाही ना कुठे? मग फॉर्म पाठवतो, सही करा,
शुक्रवारी पैसे खात्यात.
मी पेन शोधत होते.
श्रीरंग म्हणाला, राहू दे दोन दिवस.
कणीकसुद्धा तू मळल्या मळल्या लाटत नाहीस.

गुरुवारी गाडी मागे घ्यायला मान वळवली
आणि ती वळलीच नाही.
कुणीतरी आतून कडी लावून घेतल्यासारखी.

आई म्हणायची, रक्त आलं तर बरं,
मुका मार वाईट.
तेव्हा वाटायचं, मुका म्हणजे न बोलणारा.
आता कळलं, तो बोलतो,
फक्त घरातली पाहुणेमंडळी गेल्यावर.

सकाळी आठला फोन लावला,
रांगेत माझा नंबर चौदावा.
डॉक्टर प्रिचर्ड भला माणूस. त्याने विचारलं,
शार्प आहे की डल? शून्य ते दहात किती?
मानेत आहे तो ठणका.
खांद्यावरून उतरते ती चमक.
पाठीत भरलीय ती उसण, आणि करंगळीत मुंग्या.
हे सगळं घेऊन मी त्याच्या एका आकड्यासमोर उभी.
सिक्स, म्हणाले.
त्याने सहा लिहिलं.

मग म्हणाला, शरीर आधी घाबरतं, दुखतं नंतर.
यात तुमचं काही चुकलं नाही.
गळपट्टा नको, मान हलती ठेवा.
हाताची शक्ती गेली, डोकं असह्य दुखलं, उलट्या झाल्या,
तर माझी वाट न बघता सरळ इमर्जन्सीत जा.
आणि रोजचं लिहून ठेवा, तारखेसकट.

म्हणून ही वही.
शनिवार. केस विंचरताना.
रविवार. शिंक आली, दिवसा तारे.
सोमवार. दुकानात मागे कुणाची तरी ट्रॉली आपटली.
मान नाही दुखली. हात थरथरत राहिले,
दुधाची बाटली परत ठेवावी लागली.
हे कुठल्या रकान्यात घालायचं?

नवव्या दिवशी मॉरीनचा फोन.
टोमॅटो जगले म्हणाली.
मग बराच वेळ नुसता तिचा श्वास.
मग, तू खरंच फाइन आहेस का?
नाही, मी म्हणाले.
या देशात पहिल्यांदाच म्हणाले बहुतेक.
मीही नाही, ती म्हणाली, मनगट सुजलंय,
आणि डोळे मिटले की तुझी डिकी जवळ येते.
तिलाही सांगितलं, डॉक्टरकडे जा, तारीख लिही.

फॉर्म अजून ड्रॉवरमध्ये आहे, सहीशिवाय.
खिडकीशी उभी राहून
मी हनुवटी खांद्याकडे नेते, दहा वेळा,
फिजिओने दाखवलं तशी, हळू.
आज उजवीकडे शेजाऱ्यांच्या कुंपणापर्यंत दिसलं.
त्याच्यापुढे त्यांची हिरवी शेड आहे.
ती मला पाठ आहे,
अजून दिसत नाही.