मापातला अंगठा

घोटीला स्टेशनाच्या खालच्या अंगाला
फरदुनजीचा पिठा होता.
पत्र्याची पाटी, तिच्यावर लायसन नंबर,
आणि दाराशी एक दगड,
माणसं बसून बसून खळगा पडलेला.

बाप त्याचा थळघाटाच्या बोगद्यांबरोबर आला,
सुरुंगवाल्यांना रम विकत.
पोरानं मोहाची धरली.
अदपावाचं पितळी माप,
आणि भरताना आत बुडवलेला अंगठा.
सगळ्यांना ठाऊक होतं.
"शेठ, अंगठ्याचे पैसे वजा करा," आजोबा म्हणायचे.
"अंगठा पिळून देऊ काय?" तो म्हणायचा
आणि वही पुढे सरकवायचा.
तिथे मग आजोबांचा अंगठा.

एक दारूत, एक शाईत.
वीस वर्षं हिशेब असा चालला.

मग लोकल बोर्डाची निवडणूक आली.
यादी चावडीवर लागायच्या आधीच
कुणाचा सारा किती, कुणाचं शेत कुणाकडे,
कुणाची बायको माहेरी का बसली,
हे त्याला पाठ होतं.
उधारी त्यानं माफ केली नाही.
फक्त त्या महिन्यात वही उघडली नाही.
अकरा मतांनी आला.

नाशिकला पहिल्या सभेला
डगली घालून, उंच काळी टोपी घालून गेला.
वकील सभासदांनी खुर्च्या जरा सरकवल्या.
एकानं नाकाला रुमाल लावला
(त्याची स्वतःची बाकी, म्हणतात, देवळालीच्या दुकानात होती).
फरदुनजी उठला.
"साहेब, दारणेवर फरशी पायजे.
पावसात माणूस अलीकडे अडकते,
त्याचा भात पलीकडे.
मग तो माझ्याकडे येऊन बसते."
हसले सगळे.
कारकुनानं टिपून घेतलं.

नऊ सभा तो एवढंच बोलला.

तिसाच्या साली बायका पिठ्यासमोर बसल्या.
त्यात माझी आजी, सरूबाई, सातव्या महिन्यात.
ऊन फार. त्यानं आतून घागर पाठवली.
आजीनं वास घेतला, तशीच परत केली.
तेव्हा तो बाहेर आला,
घागरीत तोंड घालून
बराच वेळ हुंगत राहिला.
"मला तर काय पण येत नाय," म्हणाला.
दुसऱ्यांदा म्हणाला तेव्हा
आवाज घागरीतच राहिला.

पुढच्या लिलावात त्यानं बोली लावली नाही.
सांगायला बरं वाटतं,
पण पिठा काही बंद पडला नाही.
सिन्नरच्या एकानं घेतला.
माप तेच राहिलं. आजोबाही.

फरशी झाली ती तो गेल्यावर दोन वर्षांनी.
दगडावर कलेक्टरचं नाव.

वही मला त्याच्या नातवानं दाखवली,
नाशिकरोडला, पुदिन्याचा चहा गाळता गाळता.
पान बासष्ट. सात रुपये दोन आणे.
खाली आजोबा, जांभळे, जरा फिस्कटलेले.
"देऊन टाकू?" मी म्हणालो.
"राहू दे," तो म्हणाला, "परत इलेक्शन आहे,"
आणि वही मिटली.

फरशी अजून श्रावणात बुडते.
इंजिनियर सांगतो, नकाशात होती
त्याहून थोडी खाली बांधली गेली.
का, ते इतिवृत्तात नाही.
मी काठाशी उभा असतो,
मोटारसायकल बंद करून, इतरांसारखा.
पलीकडे भात.
मधे पाणी, फार नाही,
हे एवढंच,
अंगठाभर.